उन्हाळी पालेभाजीसाठी माती : कोल्हापूरकरांचे नेहमीचे प्रश्न

पालेभाजीची बहुतेक मुळं वरच्या वीतभर मातीतच असतात आणि पीक महिना-दीड महिन्यात काढणीला येतं. त्यामुळे सगळा कारभार वरच्या वीतभर मातीचा. चैत्र-वैशाखात नेमका हाच थर सगळ्यात जास्त तापतो आणि सगळ्यात आधी वाळतो. खताचे प्रश्न लोक भरपूर विचारतात, पण आपल्या भागात उन्हाळी भाजी खताअभावी क्वचितच फसते. ती फसते माती तापल्यामुळे, घट्ट झाल्यामुळे आणि मुळाशी ओल न टिकल्यामुळे. पुढची उत्तरं हे धरून वाचावीत.

मातीचं नंतर बघू. उन्हाळ्यात लावायचं काय, ते आधी सांगा.

लाल माठ, पोकळा, तांदळी, राजगिरा, अंबाडी, मायाळू, घोळ. या उन्हाच्या भाज्या. पारा अडतीस-चाळीसच्या घरात गेला तरी या वाढतात, फक्त ओल हवी. मेथी, शेपू, चाकवत, करडई यांचा खरा काळ थंडीचा. पालक आणि कोथिंबीर उन्हाळ्यात येतात, पण लवकर फुलावर जातात. बाजारात उन्हाळ्यात कोथिंबिरीच्या पेंडीचा भाव का चढतो, त्याचं हे एक कारण. तुम्हाला ती लावायचीच असेल तर डोक्यावर पन्नास टक्के सावलीची शेडनेट बांधा आणि मातीचं जे पुढे सांगितलं आहे ते दुप्पट काळजीने करा.

माती तयार करायला सुरुवात कधी करायची?

मार्चमध्ये पेरणार असाल तर माघातच. खत मातीत मुरायला दोन-तीन आठवडे द्यावे लागतात. पावसाळी भाजीसाठी मात्र एप्रिलमध्ये खणून ठेवावं आणि वळवाची वाट बघावी. या दोन वेळा वेगळ्या आहेत. बरेच जण मे महिन्याच्या सुट्टीत खणतात, त्याच आठवड्यात पेरतात आणि मग बी उगवलं नाही म्हणून बियाण्याच्या दुकानदाराला धरतात.

आमची माती काळी की तांबडी? शहरात सगळी मिसळच दिसते.

पंचगंगेच्या काठाला, कसबा बावड्याकडे आणि पूर्वेला हातकणंगले-शिरोळकडे माती काळी, खोल आणि चिकट. पश्चिमेला पन्हाळा, शाहूवाडी, राधानगरीकडे चढलात की जांभ्याची तांबडी माती लागते. शहरात घर बांधताना मुरूम, डबर, कुठून तरी आणलेली माती, सगळं एकत्र झालेलं असतं, म्हणून रंगावर जाऊ नका.

ओल्या मातीची गोळी करून अंगठा आणि बोट यांच्यामध्ये दाबत तिची पट्टी काढा. बोटभर लांब पट्टी न तुटता निघाली तर चिकणमाती जास्त आहे. पट्टी निघतच नसेल, हाताला खरखर लागत असेल, तर वाळू आणि मुरूम जास्त. आणखी खात्री हवी असेल तर काचेच्या बरणीत एक भाग माती, तीन भाग पाणी आणि चिमूटभर साबणाची पूड घालून जोरात हलवा आणि बरणी दोन दिवस ठेवून द्या. तळाला वाळू बसते, तिच्यावर गाळ, सगळ्यात वर चिकणमाती. थर डोळ्यांना दिसतात.

काळ्या रानात कुदळ मारली की उशीएवढी ढेकळं निघतात. फोडून फोडून हात दुखले. काय करायचं?

फोडू नका. काळ्या मातीतली चिकण पाणी प्यायली की फुगते आणि वाळली की आक्रसते. उन्हाळ्यात हात जाईल एवढ्या भेगा पडतात त्या यामुळेच. हा तिचा दोष नाही, उलट तुमच्यासाठी राबणारा गडी आहे. ढेकळं उघडी पाडून दोन-तीन आठवडे कडक उन्हात तापू द्या. मग वळवाची एखादी सर येऊ द्या. पाऊस नसेल तर नळीला झारी लावून हलकं पाणी मारा. तापलेलं ढेकूळ पाणी पिताना आतून तडकतं आणि आपोआप विरघळतं. दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी खोऱ्याच्या पाठीने नुसतं टेकवलं तरी भुगा होतो. शेतकरी उन्हाळी नांगरट करून रान तापवत ठेवतात, त्यामागे किडींचे कोष उन्हाने मारण्याबरोबर हाही हिशेब असतो.

घाई असेल तर एक करा. सगळ्या वाफ्याच्या नादी न लागता फक्त वरची चार बोटं माती बारीक करा आणि तिच्यात चाळलेलं शेणखत मिसळा. खालची ढेकळं मूठभर आकाराची राहिली तरी पालेभाजीचं फारसं बिघडत नाही. अगदी पिठासारखी केलेली काळी माती पहिल्याच पाण्याला बसते आणि वर पापडी धरते.

“वाफसा आल्यावर खणा” असं सगळे म्हणतात. वाफसा आला हे ओळखायचं कसं?

चार बोटं खोलवरची मूठभर माती घ्या आणि मुठीत दाबा. पाणी सुटलं किंवा हाताला चिखल चिकटला तर थांबा. गोळा झाला आणि कमरेएवढ्या उंचीवरून टाकल्यावर तो फुटून विखुरला तर वाफसा आहे. गोळाच होत नसेल तर रान सुकून गेलं आहे, हलकं पाणी देऊन दोन दिवस थांबा.

वाफसा म्हणजे मातीच्या पोकळ्यांत पाणीही आहे आणि हवाही, अशी स्थिती. मुळांना दोन्ही लागतं. काळ्या मातीत हा वाफसा दोन-तीन दिवसच मिळतो, तो चुकवू नका. चिकट ओलीत खणलेली काळी माती वाळल्यावर विटेसारखी होते आणि मग हंगामभर तशीच राहते. तांबड्या मातीला एवढे नखरे नसतात, सकाळच्या पावसानंतर संध्याकाळी कुदळ घातली तरी चालते.

काळी माती सैल करायला वाळू मिसळू का? किंवा लाल मातीची एक ट्रॉली टाकून घेऊ?

दोन्ही नको. थोडी वाळू चिकणमातीत मिसळली तर माती सैल होत नाही, आणखी घट्ट होते. फरक पडायला निम्म्याहून जास्त वाळू लागेल आणि ती परवडणारी नाही. तांबड्या मातीचा थर वर पसरला की खालच्या काळ्या थराशी तिचं जमत नाही. पाणी दोहोंच्या सांध्यावर अडतं आणि मुळं तिथून खाली जात नाहीत. तांबडी माती आखाड्यात शोभते, तिथे राहू द्या. तुमच्या मातीला सैल करणारी एकच गोष्ट आहे आणि ती म्हणजे कुजलेला सेंद्रिय माल, दरवर्षी थोडा थोडा.

आमच्याकडे पन्हाळ्याच्या बाजूची तांबडी माती. सकाळी पाणी घातलं की दुपारी कोरडी ठक्क.

या मातीत पाणी धरणारं फार थोडं असतं आणि पाऊस जास्त असल्याने अन्नद्रव्यंही धुऊन जातात. स्फुरद (फॉस्फरस) मातीतल्या लोह आणि ॲल्युमिनियमला चिकटून अडकतो. सामू, म्हणजे पीएच, बहुतेक वेळा आम्लाकडे झुकलेला. म्हणजे काळ्या मातीच्या नेमका उलटा प्रकार, आणि उपायही उलटे. इथे शेणखत जास्त लागतं आणि ते एकदम न देता प्रत्येक पिकाला द्यावं लागतं, कारण ते लवकर जळून जातं. चुलीची राख इथे थोडी चालते. माती परीक्षणात सामू सहाच्या खाली आला तर चुनाही द्यावा लागतो, पण किती ते अहवाल बघूनच. पाणी सकाळी भरपूर देण्यापेक्षा सकाळ-संध्याकाळ थोडं थोडं द्या आणि माती कधीही उघडी ठेवू नका.

एक फायदा आहे. पावसाळ्यात तुमची भाजी सडत नाही. काळ्या रानवाले तेव्हा तुमचा हेवा करतात.

शेणखत किती घालायचं?

दहा फूट लांब आणि तीन फूट रुंद वाफा धरू. नेहमीच्या वाफ्याला सात-आठ किलो चांगलं कुजलेलं शेणखत पुरतं. पहिल्यांदाच लागवडीत येणारी जागा असेल तर दुप्पट घाला. गांडूळखत असेल तर दोन-तीन किलो. त्यात पाव किलो निंबोळी पेंड मिसळली तर उत्तम. हे सगळं वरच्या वीतभर मातीत मिसळायचं, खोल पुरायचं नाही. खाली गेलेलं खत पालेभाजीच्या मुळाला सापडतच नाही.

“चांगलं कुजलेलं” हे शब्द हलके घेऊ नका. हातात घेतल्यावर शेणाचा वास न येता पहिल्या पावसानंतरच्या मातीचा वास यावा, रंग गडद असावा, वैरणीचे तुकडे ओळखू येऊ नयेत आणि ढिगात हात घातला तर गरम लागू नये. कच्चं शेण घातलं तर ते मातीत कुजताना उष्णता धरतं आणि कोवळी रोपं करपतात. जनावरांच्या पोटातून आलेलं तणाचं बी उगवतं. शिवाय पालेभाजीचं पान मातीला टेकलेलं असतं आणि कोथिंबीर तर आपण कच्चीच खातो, म्हणून जंतूंचाही धोका. कच्चं शेण घातलंच असेल तर त्या वाफ्यातली भाजी निदान चार महिने कच्ची खाऊ नये.

आणि हुमणी. उसाच्या पट्ट्यात हे वेगळं सांगायला नको. पांढरी, इंग्रजी सी अक्षरासारखी वळलेली अळी. हुमणीचे भुंगेरे वळवाच्या पावसानंतर संध्याकाळी बाहेर पडतात आणि अर्धवट कुजलेल्या उकिरड्यात त्यांना अंडी घालायला आवडतं. तोच उकिरडा तुम्ही ट्रॉलीने विकत घेता. खत आलं की आधी ताडपत्रीवर पसरा, अळ्या वेचा. कोंबड्या असतील तर त्यांच्यासमोर पसरा, काम तासाभरात होतं. मग मेटारायझियम ही उपयोगी बुरशी खतात मिसळून ओलसर करून आठवडाभर सावलीत ठेवा.

पाचट फुकट मिळतं. मातीत मिसळू का?

मिसळू नका, वर पसरा. हा फरक मोठा आहे. पाचट म्हणजे उसाची वाळलेली पानं. त्यात कर्ब (कार्बन) भरपूर आणि नत्र (नायट्रोजन) फार थोडं. ते मातीत गाडलं की कुजवणारे जीवाणू आपल्या पोटासाठी मातीतलं नत्र ओढून घेतात आणि तुमची भाजी पिवळी पडते. महिनाभराच्या पिकाला ही उपासमार सोसत नाही. तेच पाचट वर अंथरलं तर सावली धरतं, ओल उडू देत नाही, पापडी धरू देत नाही आणि सावकाश खालून कुजत जातं. उन्हाळ्यात दुपारी उघड्या मातीवर हात ठेवा आणि मग पाचटाखाली घाला. मला वाटतं, इतर कुठलीही जाहिरात त्यापुढे फिकी.

कसं अंथरायचं? वीतभर लांबीचे तुकडे करा. काठाला कुसं असतात, हातमोजे घाला. पेरणीच्या वेळी ओळींवर अगदी पातळ थर टाका. रोपं उगवू लागली की संध्याकाळी ओळींवरचं बाजूला सारा आणि रोपं चार बोटं उंच झाली की दोन ओळींमध्ये दोन बोटं जाडीचा थर द्या. वाळवी असलेल्या जागेत पाचट रोपाच्या बुंध्याला टेकवू नका.

ऊसतोडणीनंतर रानात पाचट पेटवून देण्याची सवय अजून पुरती गेलेली नाही. तुमच्या ओळखीच्या शेतकऱ्याला तोडणीच्या आधी सांगून ठेवा, दोन-चार भारे तो आनंदाने देईल.

गाडायचंच असेल तर वेगळ्या खड्ड्यात पाचट आणि शेण यांचे थर देऊन, ओलसर ठेवून कुजवा. पाच-सहा महिन्यांनी ते खत म्हणून वापरा.

साखर कारखान्याची मळी आणि बगॅसची, म्हणजे उसाच्या चिपाडाची, राख?

मळी, म्हणजे उसाचा रस गाळल्यावर उरणारा गाळ (प्रेसमड), चांगली वस्तू आहे. सेंद्रिय माल, स्फुरद, कॅल्शियम, सगळं त्यात आहे. मात्र कारखान्यातून आलेली ताजी मळी फार गरम होते. ढीग करून, पाणी मारून, अधूनमधून उलथून निदान तीन महिने कुजवा. मग शेणखताच्या निम्म्याने तिचा वापर करा.

राखेचं वेगळं. राख अल्कधर्मी असते आणि आपली काळी माती आधीच त्या बाजूला झुकलेली. काळ्या मातीत राख नको, बगॅसची नको आणि चुलीचीही नको. तांबड्या मातीत हाताने भुरभुरवण्याइतकी चालेल.

जीवामृत घातलं की खत लागत नाही म्हणतात. खरं का?

दहा किलो शेण, दहा लिटर गोमूत्र, दोन किलो गूळ, दोन किलो बेसन, बांधावरची मूठभर माती आणि दोनशे लिटर पाणी. घरच्या बागेसाठी हेच प्रमाण वीस लिटरवर आणा. कोल्हापुरात गुळाला तोटा नाही, करून बघायला हरकत नाही. पण हे जीवाणू खाणार काय? मातीत सेंद्रिय माल असेल तर त्यांना काम आहे. रिकाम्या, भाजलेल्या मातीवर जीवामृत ओतणं म्हणजे चूल न पेटवता फोडणीची तयारी करणं. आधी शेणखत आणि आच्छादन, मग हौस म्हणून जीवामृत.

युरिया टाकला की भाजी दोन दिवसांत हिरवीगार होते. मग टाकायला काय हरकत?

थोडा टाकायला हरकत नाही. वर सांगितलेल्या वाफ्याला एका वेळी चहाचे तीन चमचे, तेही पहिल्या कापणीनंतर, दोन ओळींमध्ये. टाकल्यावर लगेच पाणी द्या. तापलेल्या काळ्या मातीवर युरिया नुसता पडून राहिला तर त्यातला नत्राचा बराच भाग अमोनिया होऊन उडून जातो. तुम्ही हवेला खत घातलं, एवढंच.

जास्त टाकण्याचे दोन तोटे आहेत. पालेभाज्या गरजेपेक्षा जास्त नत्र मिळालं तर ते नायट्रेटच्या रूपात पानांत साठवतात आणि ते आपल्या ताटात येतं. दुसरं, पानं लुसलुशीत होतात आणि मावा ही कीड तुटून पडते. कापणीच्या आधीच्या आठवड्यात युरिया अजिबात नको.

गादीवाफा करू की सपाट वाफा?

पुस्तकांत सरसकट गादीवाफा सांगतात. पावसाळ्यात तो बरोबर आहे. जूनपासून काळ्या रानात वीतभर उंच गादीवाफा नसेल तर भाजी कुजेल. पण मार्च ते मे या काळात उंच वाफा चारी बाजूंनी तापतो आणि कडांनी वाळतो. उन्हाळ्यात सपाट वाफा करा, भोवती चार बोटं उंच वरंबा, म्हणजे दिलेलं पाणी आतच राहतं. तांबड्या मातीत तर वाफा जमिनीपेक्षा दोन बोटं खोल घेतला तरी चालतो. रुंदी तीन फुटांपेक्षा जास्त नको. दोन्ही बाजूंनी हात मध्यापर्यंत पोचला पाहिजे, कारण वाफ्यात पाय दिला की तयार केलेली माती परत बसली.

परड्यात पांढरी खपली धरते. बोअरचं पाणी घालतो. चुकतंय काय?

जमिनीला मीठ फुटलं आहे. बोअरच्या पाण्यातले क्षार प्रत्येक पाण्याबरोबर येतात, उन्हाने पाणी उडतं आणि क्षार वर राहतात. शिरोळ तालुक्यात वर्षानुवर्षं उसाला पाटाने भरमसाट पाणी देऊन हेच झालं. निचरा नसलेली हजारो एकर जमीन क्षारपड झाली आणि आता तिथे जमिनीखाली सच्छिद्र पाइप घालून पाणी बाहेर काढावं लागतं.

परड्यात एवढं करावं लागत नाही. खपली खरवडून बाहेर टाका. निचऱ्यासाठी वाफ्याच्या कडेने गुडघाभर खोल चर काढा. मग नळाचं किंवा साठवलेलं पावसाचं पाणी भरपूर देऊन क्षार खाली धुऊन काढा. निचरा न करता नुसतं पाणी दिलं तर क्षार पुन्हा वर येतील. आच्छादन ठेवलं की पाणी कमी उडतं आणि क्षारही कमी वर येतात.

चोपण जमीन वेगळी. ती ओली असताना साबणासारखी निसरडी आणि वाळली की दगड. तिच्यात सोडियम जास्त असतो. तिला जिप्सम लागतं, किती ते परीक्षणावरून ठरवायचं, आणि एक वर्ष धैंचा हे हिरवळीच्या खताचं पीक पेरून फुलावर आलं की गाडायचं. तोवर भाजी हवीच असेल तर पालक पेरा. तो बिटाच्या घराण्यातला, खारटपणा इतरांपेक्षा बरा सोसतो.

नवी पानं पिवळी, शिरा मात्र हिरव्या.

केवडा. उसावर पाहिला असेल, तोच. चुनखडीच्या काळ्या मातीत लोह असतं, पण मुळाला घेता येत नाही. जास्त पाण्याने आणखी वाढतो, म्हणून आधी पाणी कमी करून वाफसा येऊ द्या. मग एक लिटर पाण्यात पाच ग्रॅम फेरस सल्फेट आणि अर्ध्या लिंबाचा रस घालून संध्याकाळी फवारा. भाजी आठवड्यानंतर तोडा आणि धुऊन घ्या. जुनी, खालची पानं पिवळी पडत असतील तर तो केवडा नव्हे, तिथे नत्र कमी आहे.

नवं घर बांधलं. मागे सिमेंट, विटांचे तुकडे, रंगाचे डबे पडलेत. तिथे भाजी लावू का?

लगेच नको. सिमेंट आणि चुन्यामुळे सामू चढतो. रंग, डांबर, बॅटऱ्या पडलेल्या जागेची माती पालेभाजीला वापरूच नका, कारण जड धातू पानांत उतरतात. नुसता डबर असेल तर फूटभर माती काढून चाळा, शेणखत मिसळा आणि पहिल्यांदा ताग पेरा. चाळीस-पंचेचाळीस दिवसांनी फुलावर आला की कापून मातीत गाडा, तीन आठवडे कुजू द्या. जुन्या घराच्या भिंतीलगत, जिथे वर्षानुवर्षांचा तैलरंग खवले होऊन पडलेला असतो, तिथेही भाजीऐवजी जास्वंद लावा.

माती तपासून घ्यायची तर कुठे आणि कशी?

जिल्ह्याची शासकीय मृद चाचणी प्रयोगशाळा आहे, कृषी महाविद्यालय आहे आणि कणेरीला कृषी विज्ञान केंद्र आहे. कुठेही चौकशी करा, शुल्क फार नसतं. नमुना मात्र नीट घ्या. वरचा कचरा बाजूला करून इंग्रजी व्ही आकाराचा वीतभर खड्डा काढा आणि त्याच्या कडेची माती वरपासून खालपर्यंत खरवडा. अशी पाच-सहा ठिकाणांची माती घमेल्यात मिसळा, चार भाग करा, समोरासमोरचे दोन टाका, आणि अर्धा किलो उरेपर्यंत हेच करा. सावलीत वाळवून कापडी पिशवीत घाला. नुकतं खत घातलेली जागा, झाडाखालची, गोठ्याजवळची माती घेऊ नका.

अहवालात तीन गोष्टी आधी बघा. सामू साडेसहा ते साडेसात असेल तर छान, आठपर्यंत चालवून घ्या. क्षारता, म्हणजे अहवालातला ईसीचा आकडा, एकच्या आत असावी. आणि सेंद्रिय कर्ब. तो ०.४० टक्क्याच्या खाली असेल तर बाकीचे रकाने नंतर वाचा, आधी शेणखताची सोय करा.

लव्हाळा आणि हरळी काही केल्या जात नाही.

खुरप्याने वरून कापत राहिलात तर जाणारही नाही. हरळीच्या मुळ्या एप्रिलमध्ये खणून काढा आणि उन्हात कडकडीत वाळवा. लव्हाळ्याच्या गाठी खोल असतात, त्या एकेक वेचाव्या लागतात आणि दोन-तीन हंगाम लागतात. बाकीच्या तणांसाठी मे महिन्यात वाफा भिजवून त्यावर पातळ पारदर्शक प्लास्टिक घट्ट पसरा, कडा मातीने दाबा आणि चार ते सहा आठवडे तसंच ठेवा. वरचा थर पन्नास अंशांच्या आसपास तापतो आणि तणाचं बी, रोपं कोलमडवणारी बुरशी मरते. काळं प्लास्टिक वापरू नका, ते स्वतः तापतं आणि माती कमी तापते. लव्हाळ्यावर मात्र या उपायाचा भरवसा धरू नका, प्लास्टिकला भोकं पाडून तो वर येतो.

तापवलेल्या मातीत चांगले जीवाणूही कमी झालेले असतात. नंतर शेणखतात ट्रायकोडर्मा ही उपयोगी बुरशी मिसळून घाला.

२०१९ आणि २०२१ च्या पुराचा गाळ परड्यात आहे. सोनं आहे म्हणतात.

पंचगंगेवरच्या राजाराम बंधाऱ्यावर पाणी ४३ फुटांची धोका पातळी ओलांडतं तेव्हा नदीबरोबर शहराची गटारंही परड्यात येतात, हे लक्षात ठेवा. आता इतक्या वर्षांनी तो गाळ निवला आहे, वापरा. तो पिठासारखा बारीक असतो आणि एकटा राहिला तर पापडी धरतो, म्हणून खालच्या मातीत आणि शेणखतात मिसळून घ्या. पुन्हा पूर आला तर प्लास्टिक आणि काचा वेचून, वाफसा आल्यावर आधी ताग घ्या. पहिल्या हंगामात कच्ची खायची भाजी नको.

रंकाळ्यातून काढलेली जलपर्णी कुजवून घालू?

फुलझाडांना घाला. जलपर्णी सांडपाण्यातले जड धातू शोषून घेते, त्यामुळे पालेभाजीच्या वाफ्यापासून ती लांब ठेवलेली बरी.

जागाच नाही, फक्त गच्ची आहे.

एक घनफूट ओली माती पंचेचाळीस-पन्नास किलो भरते. आधी स्लॅबचा विचार करा आणि मग क्रेट मांडा. एक भाग माती, एक भाग शेणखत किंवा गांडूळखत, एक भाग कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा), असं मिश्रण हलकंही होतं आणि ओलही धरतं. कोकोपीट दोन-तीनदा धुऊन घ्या, त्यात मीठ असतं. खोली वीतभर पुरे. गच्चीवर खरी अडचण अशी की क्रेट बाजूंनी आणि खालून तापतो. खाली विटा ठेवा, भोवती गोणपाट गुंडाळून ते ओलं ठेवा, आणि क्रेट एकमेकांना चिकटून मांडा. काळ्या कुंड्या उन्हाळ्यात नकोत.

माती सगळी केली तुमच्यासारखी, तरी धणे उगवत नाहीत.

धणे आख्खे पेरले असतील. पोळपाटावर लाटण्याने हलके रगडून दोन फोडी करा, रात्रभर भिजवा आणि फडक्यात बांधून दिवसभर ठेवा. वाफ्याला आदल्या दिवशी पाणी द्या आणि संध्याकाळी अर्धा इंच खोल पेरा. पेरून मग धो धो पाणी घातलं की बी वाहतं आणि वर पापडी बसते. ओळींवर ओलं गोणपाट टाका, आठवड्यानंतर रोज संध्याकाळी उचलून बघा, आणि पहिले कोंब दिसताच काढून घ्या. उन्हाळ्यात धणे दहा-बारा दिवस घेतात, तोवर वाफा उकरून बघू नका. माठाचं आणि पोकळ्याचं बी एवढं बारीक असतं की ते चाळलेल्या कोरड्या शेणखतात मिसळून पेरावं, नाहीतर एका जागी झुबका आणि दुसरीकडे टक्कल.

एक भाजी निघाली की लगेच दुसरी पेरायची का?

पेरा, पण पुन्हा खोल खणू नका. मुळं उपटण्याऐवजी जमिनीलगत कापा आणि जागेवर कुजू द्या. वरची दोन बोटं खुरप्याने हलवा, वाफ्यावर एक बुट्टी शेणखत पसरा, पाणी द्या आणि तणाचा पहिला फुटवा आला की तो खुरपून मग पेरा. माठानंतर माठ, पालकानंतर पालक असं करू नका. मध्ये एकदा मेथी किंवा चवळी घेतली तर मातीत थोडं नत्र पडतं. मे अखेरीस वाफा रिकामा झाला तर मृगापर्यंत पाचटाखाली झाकून ठेवा.